पाचोरें–जामनेरचा आगगाडीचा फांटा व राजूरची जुनी वाट

ताम्रपट, शिलालेख, बखरी आणि मोडी दप्तरें हीं ज्या मंडळींच्या नित्य परिचयाचीं, त्यांच्यापुढें आगगाडीच्या एका लहानशा फांट्याचा विषय मांडणें कित्येकांस औचित्याला सोडून वाटेल. परंतु ज्या वस्तूचा व्यवहार संपला व जिचे कागद विखरूं लागले, ती वस्तु इतिहासाच्या कक्षेंत आली असें आम्ही समजतों. पाचोरें ते जामनेर हा ३५ मैलांचा, म्हणजे सुमारें ५६ किलोमीटरांचा, अरुंद रुळांचा मार्ग इ. स. २०२० च्या मार्च महिन्यांत सांथीमुळें देशभर गाड्या थांबल्या तेव्हां थांबला. इतर मार्ग पुढें सुरू झाले. हा त्या रूपांत पुन्हां सुरू झाला नाहीं. शंभर वर्षें चाललेल्या या मार्गाचे कागद आज कोणाच्याहि संग्रहांत पद्धतशीर लावलेले आमच्या पाहण्यांत नाहींत, आणि आहेत ते रद्दीच्या वाटेवर आहेत. या लेखाचें प्रयोजन तेंच.

आम्ही राजूरचे. राजूर हें जालना जिल्ह्यांतील भोकरदन तालुक्याचें गांव. जालन्याच्या उत्तरेस सुमारें २५ किलोमीटरांवर, भोकरदनच्या रस्त्यावर आहे. येथील टेकडीवरचा गणपति महाराष्ट्रांतील साडेतीन पीठांपैकीं एक गणला जातो. गणेशपुराणाच्या क्रीडाखंडांतील १३८ ते १४८ या अध्यायांत जी गणेशगीता आहे, ती गजाननानें वरेण्य राजास सांगितली. तो वरेण्य येथलाच असें स्थानिक परंपरा मानते व ‘राजसदन’ हें गांवाचें मूळ नांव देते. व्याकरणाच्या दृष्टीनें पाहतां ‘राजपुर’ या शब्दांतील पकार प्राकृतांत गळून ‘ऊर’ शेष राहणें अधिक सुलभ आहे. परंतु व्युत्पत्ति लावणें हें माहात्म्याचें काम नव्हे, म्हणून तो वाद येथें वाढवीत नाहीं. प्रस्तुत विषयास उपयोगाची गोष्ट इतकीच कीं, साडेतीन पीठांपैकीं दुसरें एक, पद्मालय, घाटाखालीं खानदेशांत एरंडोल तालुक्यांत आहे. दोन्ही देवस्थानांच्या मध्यें अजिंठ्याचा डोंगर आहे, आणि तो ओलांडणारी वाट फार जुनी आहे.

ती किती जुनी, हें थोडक्यांत सांगितलें पाहिजे. भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. सांची व भारहूत येथील स्तूपांस दान देणाऱ्यांत भोगवर्धनचे रहिवासी आहेत. त्यांचीं नांवें दगडावर कोरलेलीं आजहि वाचतां येतात. सुत्तनिपातांत बावरीच्या शिष्यांचा जो प्रवास वर्णिला आहे, तो प्रतिष्ठानाहून माहिष्मती व उज्जयिनीकडे जातो. भडोचहून वीस दिवसांच्या वाटेवर पैठण व तेथून पूर्वेस दहा दिवसांवर तगर, असें ‘पेरिप्लस’ या ग्रीक नाविकग्रंथाचा कर्ता सांगतो, आणि या बाजारपेठांतील माल गाड्यांतून, रस्ता नसलेल्या मुलुखांतून, बंदरास जात असे अशीहि त्याची नोंद आहे. पैठण व उज्जयिनी यांच्यामध्यें रेघ ओढली तर ती भोगवर्धनाच्या व अजिंठ्याच्या आसपासच डोंगर उतरते. अजिंठ्याचीं लेणीं वाघूर नदीच्या उगमाशीं कोरलीं गेलीं त्याचें एक कारण हाच राबता होय. ओसाड डोंगरांत दानशूर व्यापारी आपण होऊन येत नाहींत.

मध्ययुगांतहि ही वाट मोडली नाहीं. घाटाच्या पायथ्याशीं फर्दापूर येथें मुघल अमदानींतील सराई आहे. इ. स. १८०३ च्या ऑगस्टांत शिंदे व नागपूरकर भोसले यांच्या फौजा अजिंठ्याच्या घाटानेंच निजामाच्या मुलुखांत शिरल्या. सप्टेंबरच्या आरंभीं कर्नल स्टीव्हन्सन यानें जालना घेतलें. आणि २३ सप्टेंबर रोजीं केळणा व जुई या नद्यांच्या बेचक्यांत असई येथें लढाई झाली. असई हें गांव आमच्याच परिसरांतील. लढाईनंतर जखमींसाठीं इस्पितळ उघडलें तें अजिंठ्यास. फौजेस जी वाट सोयीची तीच वंजाऱ्यांच्या तांड्यांसहि सोयीची. ‘जालना सोने का पालना’ ही म्हण ज्या काळांत रूढ झाली, त्या काळचें तें सोनें पुष्कळसें बैलांच्या पाठीवरून ये-जा करीत होतें.

आतां आगगाडीकडे वळूं. मुंबई–ठाणें हा पहिला मार्ग १६ एप्रिल १८५३ रोजीं उघडला. थळ घाट इ. स. १८६५ त पुरा झाला, आणि १८६७ त ग्रेट इंडियन पेनिन्शुला कंपनीचे रूळ खानदेश व वऱ्हाड ओलांडून नागपुरास पोंचले. याच सुमारास अमेरिकेंतील यादवीमुळें (१८६१–६५) हिंदुस्थानच्या कापसाचा भाव चढला, आणि तापीखोऱ्याची काळी जमीन मँचेस्टरच्या गिरण्यांच्या नजरेंत भरली. पाचोरें हें या मुख्य मार्गावरील स्टेशन. अजिंठ्याची लेणीं पाहावयास जाणारे जुने युरोपीय प्रवासी बहुधा येथेंच उतरत व पुढें बैलगाडीनें वा घोड्यावरून जात. म्हणजे डोंगराच्या उत्तरेस आगगाडी आली त्यानंतर दक्षिणेच्या पठारावर ती येईपर्यंत तीसपस्तीस वर्षें गेलीं. तोंपर्यंत राजूर–भोकरदनच्या लोकांना आगगाडी पाहावयाची तर घाट उतरावा लागे.

पठारावर रूळ आले ते मनमाडहून औरंगाबाद (आतांचें छत्रपति संभाजीनगर), जालना, परभणी, नांदेड या वाटेनें सिकंदराबादेस जाणाऱ्या हैदराबाद–गोदावरीखोरें मार्गाचे, इ. स. १९०० च्या सुमारास. त्यांची रुंदी एक मीटर. जालन्याच्या कापसास आतां पश्चिमेची वाट मिळाली, परंतु मनमाडास मीटरच्या गाडींतून माल उतरवून रुंद रुळांच्या गाडींत भरावा लागे. आणि उत्तरेची वाट, जी दोन हजार वर्षें वाहती होती, ती सुकूं लागली. एखाद्या गांवावरून रस्ता न जाणें हें दुर्दैव होय. पण वाहता रस्ता दुसरीकडे वळणें हें त्याहून मोठें. राजूर, भोकरदन, सिल्लोड, अजिंठा या पट्ट्याच्या वांट्यास दुसरें आलें.

पाचोरें–जामनेर फांटा पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस, इ. स. १९१८–१९ च्या सुमारास वाहतुकीस खुला झाला. त्याची रुंदी अडीच फूट, म्हणजे ७६२ मिलिमीटर. स्टेशनें क्रमानें अशीं: पाचोरें, वरखेडी, पिंपळगांव, शेंदुर्णी, पहूर, भागदरा, जामनेर. हिंवरा नदीवरील पाचोऱ्याहून निघून हा मार्ग डोंगर उजव्या हातास ठेवीत पूर्वेकडे जातो, पहुरास वाघूर नदीचें खोरें लागतें व कांग नदीवरील जामनेरास संपतो. त्या काळीं अशा फांट्यांसाठीं हिंदुस्थानांतच, रुपयांच्या भांडवलावर, लहान कंपन्या निघत. त्यांची रचना अशी असे: भागीदारांनीं पैसा उभारून मार्ग बांधावयाचा, मुख्य मार्गाच्या कंपनीनें तो चालवावयाचा व उत्पन्नाचा ठराविक हिस्सा खर्चापोटीं ठेवावयाचा, आणि फांट्यानें आणून दिलेल्या मालावर मुख्य मार्गास जो नफा होई, त्यांतून भागीदारांचें व्याज भरून निघेल इतकें परत द्यावयाचें. दौंड–बारामतीचा फांटा याच जातीचा. सर विल्यम अॅक्वर्थ यांच्या समितीनें इ. स. १९२१ च्या अहवालांत ही पद्धत नापसंत केली, व पुढें सरकारनें फांटे स्वतःच बांधण्याचें धोरण धरलें. जामनेरचा फांटा म्हणजे त्या संपत चाललेल्या पद्धतीच्या शेवटच्या अपत्यांपैकीं एक.

यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर या मार्गाशीं, ज्याला लोक ‘शकुंतला’ म्हणतात, कित्येक जण या फांट्याची गल्लत करतात. रुंदी एक, कापूस एक, चालविणारी मुख्य कंपनीहि एक. परंतु शकुंतलेची मालकी किलिक निक्सन पेढीनें काढलेल्या सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनीकडे होती. तो इतिहास निराळा आहे.

येथें आम्ही मूळ प्रश्नाशीं येतों. हा फांटा डोंगराच्या पायथ्यापायथ्यानें जाऊन जामनेरास कां थांबला? पहुराहून अजिंठ्याकडे वळून, घाट चढून, भोकरदन–राजुरावरून जालन्यास कां मिळाला नाहीं? आमच्याकडे याचें उत्तर ठरलेलें आहे: ‘डोंगर आडवा आला.’ हें उत्तर आम्हांस पुरेसें वाटत नाहीं. नकाशा समोर ठेवून सरहद्द पाहावी. निजामाच्या राज्याची हद्द या भागांत डोंगराच्या माथ्यावरून जात नव्हती. ती घाट उतरून खालीं सपाटीवर आली होती. सोयगांवचा मुलूख व फर्दापूर हीं दोन्ही घाटाखालीं असून निजामाचीं. शेंदुर्णी, पहूर हीं स्टेशनें या हद्दीच्या अगदीं कडेला, पण इंग्रजी बाजूस. सोयगांवास रूळ न्यावयास एकहि बोगदा खणावा लागला नसता, एकहि चढ चढावा लागला नसता. तरी रूळ तेथें गेले नाहींत. तेव्हां त्यांना अडविणारी वस्तु डोंगराच्या आधींच उभी होती, असें म्हणणें प्राप्त आहे.

ती वस्तु म्हणजे दोन राज्यांमधील रेषा. हैदराबाद संस्थानांत करोडगिरीचें, म्हणजे जकातीचें, स्वतंत्र खातें होतें, इ. स. १८०२ च्या व्यापारी तहानें इंग्रजी मुलुखाशीं होणाऱ्या व्यापारावर शेंकडा पांच ही जकात ठरली होती. शिवाय संस्थानाच्या हद्दींतून रूळ न्यावयाचे तर रुळांखालील जमिनीवरचा दिवाणी व फौजदारी अधिकार संस्थानानें इंग्रज सरकारच्या हवालीं करावयाचा, अशी रीत होती. थोड्या लाख रुपयांच्या लहान कंपनीस हा खटाटोप परवडणारा नव्हता. उलट बार्शी लाइट रेल्वेचें उदाहरण पाहावें. तिची कंपनी इ. स. १८९५ त लंडनांत नोंदली गेली. एव्हरार्ड कॅलथ्रॉप हा तिचा कर्ता. रुंदी हीच, अडीच फूट. कुर्डुवाडीहून बार्शीपर्यंतचा मार्ग १८९७ त उघडला, आणि पुढें येडशी–तडवळें या वाटेनें निजामाच्या मुलुखांत शिरून १९११ त लातुरास पोंचला. म्हणजे रेषा ओलांडतां येत होती. ओलांडणाऱ्याचें बळ तेवढें पाहिजे होतें. घाटाचा खर्च आम्ही नाकारीत नाहीं. नेरळहून माथेरानास रूळ १९०७ त चढले, पण तेथें हवा खावयास जाणारे उतारू होते. कापसाच्या गासड्यांना तसा चढ परवडत नाहीं. तरी दोन कारणांचें तारतम्य ठरवावयाचें झाल्यास सरहद्द आधीं व डोंगर मागाहून, असा आमचा निर्णय आहे. संशोधकांनीं तो कागदांवर घासून पाहावा.

या फांट्याचा व्यवहार कसा चाले, तेंहि नमूद करून ठेवणें अवश्य आहे. जामनेर, पहूर, शेंदुर्णी हा कापसाचा पट्टा. शेतकऱ्याच्या गाड्या जिनांत येत. सरकी निराळी होऊन रुईच्या गासड्या बांधल्या जात आणि स्टेशनावर बिल्टी होऊन डब्यांत भरल्या जात. पाचोऱ्यास अरुंद रूळ संपत व रुंद सुरू होत. तेथें एकेक गासडी हमालांच्या पाठीवरून एका गाडींतून दुसरींत जाई. अरुंद मार्ग बांधावयास स्वस्त, कारण रूळ हलके, वळणें आंखूड, पूल लहान. पण ती बचत या हमालींत, नासधुशींत व खोळंब्यांत दररोज थोडी थोडी परत जाते. या जातीच्या सर्वच मार्गांचा हा मूळ व्याधि होय. मोटारलॉरी आल्यावर तो प्राणघातक ठरला, कारण जामनेरास भरलेली लॉरी मध्यें न उतरतां थेट जळगांवास जाऊं लागली. आगगाडी व मोटार यांच्या स्पर्धेची सरकारी चौकशी मिचेल व कर्कनेस यांनीं इ. स. १९३२–३३ तच केली होती. म्हणजे हें दुखणें स्वातंत्र्यानंतरचें नव्हे.

उतारूंची गोष्ट वेगळी. शेंदुर्णीस त्रिविक्रमाचें देवालय आहे व कार्तिकांत तेथें रथोत्सव होतो. खानदेशांत त्या गांवाला प्रतिपंढरपूर म्हणतात. पंढरीच्या यात्रेनें जसा बार्शी मार्ग तगला, तसा यात्रेच्या, बाजाराच्या व शाळाकोर्टाच्या उतारूंनीं हा फांटा तगला. ५ नोव्हेंबर १९५१ रोजीं मध्य रेल्वे स्थापन झाली, तेव्हां तो तिच्याकडे व पुढें भुसावळ विभागाकडे आला. मालाची वाहतूक आटली, वाफेचीं एंजिनें जाऊन डिझेलचीं आलीं, आणि अखेरच्या वर्षांत दिवसास जाऊन येऊन दोन फेऱ्या राहिल्या. ५६ किलोमीटरांस दोन तासांच्या आसपास लागत. लोक त्या गाडीस तिच्या आद्याक्षरांवरून ‘पीजे’ म्हणत. तिचें भाडें मोटारीच्या मानानें अत्यल्प असे, आणि गरीब माणूस तासापेक्षां पैशाचा हिशेब आधीं करतो.

हा मार्ग रुंद करून जामनेरापुढें बोदवडपर्यंत, एकूण ८४ किलोमीटर, नेण्यास इ. स. २०२२ त मंजुरी मिळाली. तेव्हां जुने रूळ, जुने पूल व जुन्या इमारती यांचें पूर्वरूप राहणार नाहीं हें उघड आहे. त्याबद्दल आम्हांस शोक करावयाचा नाहीं. खानदेशाला रुंद मार्ग पाहिजेच होता. आमची चिंता कागदांची व खुणांची आहे, आणि ती संग्राहकांपुढेंच मांडण्याजोगी आहे.

पहिली खूण लोखंडाची. रुळाच्या पोटावर त्याच्या कारखान्याचें नांव व घडणीचें साल उठावाच्या अक्षरांत असतें. शिलालेखाचा ठसा घ्यावा त्याप्रमाणें कागद लावून याचाहि ठसा घेतां येतो. मात्र एक सावधगिरी पाळावी. लहान फांट्यांवर पुष्कळदां मुख्य मार्गाचे उतरलेले रूळ वापरीत. शिवाय रूळ मागाहून बदलले जातात. म्हणून रुळावरील साल म्हणजे मार्गाचें साल नव्हे. पुरलेल्या नाण्यांवरून थराचा काळ ठरवितांना जो न्याय आपण लावतों, तोच येथें लावावा. पुलांवरील क्रमांकाच्या व सालाच्या पाट्या त्या मानानें अधिक विश्वसनीय.

दुसरी खूण पुठ्ठ्याची. सव्वादोन इंच लांबीचीं, जाड पुठ्ठ्याचीं तिकिटें ज्यांच्या पोथ्यांत खुणेसाठीं घातलेलीं राहिलीं असतील, त्यांनीं तीं पोथीबरोबरच जपावीं. एका बाजूस अंतर व भाडें, दुसरीकडे तारखेचा ठसा; भाड्याचा कालक्रम लावावयास याहून चांगलें साधन नाहीं. आम्ही स्वतः तीन पोथ्यांतून अशीं तिकिटें बाजूस काढून ठेवलीं आहेत, आणि त्यांनीं त्या पोथ्या केव्हां वाचल्या जात होत्या हेंहि सांगितलें!

परंतु सर्वांत मोलाचे कागद जमिनीचे आहेत. फांट्यासाठीं जमिनी घेतल्या त्या इ. स. १८९४ च्या भूसंपादन कायद्याखालीं. त्याच्या जाहिराती मुंबई सरकारच्या गॅझेटांत सांपडतात. निवाडे जिल्ह्याच्या दप्तरीं. खानदेशाचे पूर्व व पश्चिम असे दोन जिल्हे १९०६ त झाले, म्हणून हीं दप्तरें धुळ्यास न शोधतां जळगांवास शोधावीं. प्रत्येक निवाड्यामागून गांवच्या दप्तरांत कमीजास्त पत्रक आलेलें असतें, आणि त्या काळचीं तलाठ्याचीं व कुळकर्ण्याचीं टिपणें बहुतेक मोडींत आहेत. कोणाचें शेत किती गुंठे गेलें, विहिरीचे, आंब्याचे, बांधाचे किती रुपये मिळाले, हें त्यांत येतें. पेशवाईंतील इनामाचा तंटा वाचावयास जें मोडीचें ज्ञान लागतें तेंच येथेंहि लागतें. आणि तें ज्यांच्यापाशीं आहे अशीं माणसें आतां मोजकीं उरलीं आहेत. हैदराबाद बाजूचा शोध घेणाऱ्यानें करोडगिरीच्या पावत्या व नाक्यांच्या नोंदी पाहाव्या; त्या फारशी व उर्दूंत असतील. सोयगांवचा कापूस शेंदुर्णीच्या स्टेशनावर किती जात होता, हें त्यांवरून ठरलें तर वर केलेल्या आमच्या विधानाची परीक्षा होईल. मुंबईच्या पुराभिलेखागारांत सार्वजनिक बांधकाम व रेल्वे खात्यांचे खंड आहेत. तेथें या मार्गाच्या पाहणीचा पत्रव्यवहार चाळावा.

ही निकड आतांच कां, तर आमच्या गांवीं आतां उलट दिशेनें मोजणीदार येऊं लागले आहेत. जालना–जळगांव या १७४ किलोमीटरांच्या नव्या रुंद मार्गास केंद्रीय मंत्रिमंडळानें ऑगस्ट २०२४ त मंजुरी दिली. खर्चाचा अंदाज सात हजार कोटी रुपयांच्या वर आहे. हा मार्ग जालन्याहून राजूर, भोकरदन, सिल्लोड, अजिंठा असा घाट उतरून जळगांवास जावयाचा आहे, म्हणजे भोगवर्धनाची तीच वाट. १७ सप्टेंबर १९४८ नंतर हैदराबादची रेषा पुसली गेली, १ नोव्हेंबर १९५६ पासून दोन्ही बाजू एका राज्यांत आल्या, तरी रुळांना पंचाहत्तर वर्षें लागलीं. या मार्गासाठीं जमिनींच्या मोजण्या, हरकती व निवाडे होतील, आणि ते पुरावे म्हणून जुनीं कमीजास्त पत्रकें, सनदा व फाळण्या घरोघरच्या पेट्यांतून बाहेर येतील. कचेरींत दाखल झालेला मूळ कागद घरीं परत येतोच असें नाहीं. राजूर व भोकरदन येथील ज्या गृहस्थांकडे असे कागद असतील, त्यांच्याकडून कचेरींत देण्यापूर्वीं नकला अथवा छायाचित्रें करून घेण्याचें काम आम्ही हातीं घेतलें आहे. पाचोरें, शेंदुर्णी, पहूर व जामनेर येथील कोणी मोडी जाणणारे सभासद खानदेशच्या बाजूनें तेंच करतील, तर दोन्ही बाजूंचीं पत्रकें एकत्र लावून पुढील एखाद्या अंकांत देतां येतील.